मुलगा नुकताच बास्केटबॉल खेळायला लागलाय, त्याला मायकल जॉर्डनच्या विक्रमांचा तक्ता भिंतीवर लावायचाय. जॉर्डनने एका सामन्यात सर्वाधिक किती गुण केले? आणि त्याचा सर्वांत भारी सामना कोणता?

सर्वाधिक गुण ६९. तारीख २८ मार्च १९९०, समोर क्लीव्हलँड कॅव्हलिअर्स, तेही त्यांच्याच घरच्या कोर्टवर. जॉर्डनच्या शिकागो बुल्सने ती मॅच ओव्हरटाइममध्ये, म्हणजे बरोबरीनंतरच्या जादा वेळात, ११७-११३ अशी जिंकली. तुमच्या प्रश्नाचा पहिला अर्धा भाग इथे संपला. दुसऱ्या अर्ध्या भागावरून मी माझ्या सख्ख्या भावाशी जवळपास तीस वर्षं भांडते आहे, त्यामुळे हे उत्तर लांबणार.

आधी आकडे पूर्ण करते. त्या रात्री जॉर्डनने ३७ शॉट घेतले, त्यांतले २३ आत गेले. फ्री थ्रो, म्हणजे फाउलबद्दल मिळणारे मोकळे शॉट, २३ पैकी २१. शिवाय १८ रिबाउंड, म्हणजे चुकलेल्या शॉटनंतर पकडलेले बॉल, आणि तेसुद्धा त्याच्या कारकिर्दीतले सर्वाधिक. ११७ मधून ६९ वजा केले की बाकीच्या सगळ्या संघाचे मिळून ४८ उरतात. त्या संघात स्टेसी किंग हा नवा खेळाडू होता, त्याचा त्या मॅचमध्ये एकच गुण. मायकलने आणि मी मिळून ७० केले ती रात्र कायम लक्षात राहील, असं तो पुढे सांगायचा.

साठच्या वर जॉर्डन एकूण पाच वेळा गेला. ६९ नंतर ६४, ऑर्लँडोविरुद्ध, १६ जानेवारी १९९३. मग ६३, २० एप्रिल १९८६ ला बॉस्टनमध्ये. ही प्लेऑफची, म्हणजे मोसमानंतरच्या बाद फेऱ्यांची, मॅच होती आणि प्लेऑफमधला हा विक्रम आजही त्याच्याच नावावर आहे. १९८७ मध्ये दोनदा ६१, मार्चमध्ये डेट्रॉइटविरुद्ध आणि एप्रिलमध्ये अटलांटाविरुद्ध. या पाच सामन्यांची यादी तुम्हाला कुठेही मिळेल. पण त्या यादीत एक रकाना बहुतेक वेळा नसतो, निकालाचा. पाचांतले तीन सामने बुल्स हरले. ६४ करून हरले, ६३ करून हरले, अटलांटाविरुद्धचे ६१ करूनही हरले. त्या अटलांटाच्या मॅचमध्ये जॉर्डनने बुल्सचे सलग २३ गुण एकट्याने केले होते, आणि तरी निकाल ११४-११७.

माझ्या दादाचा सर्वांत लाडका सामना ६३ चा. त्याचं कारण मला कळतं. त्या मोसमात पायाचं हाड मोडून जॉर्डन ६४ सामने बाहेर बसला होता. बुल्स ३० जिंकून आणि ५२ हरून कसेबसे प्लेऑफमध्ये पोचलेले, समोर ६७ सामने जिंकलेले बॉस्टन सेल्टिक्स. घड्याळात शून्य असताना जॉर्डनला दोन फ्री थ्रो मिळाले, दोन्ही आत गेले, बरोबरी झाली. मग दोन ओव्हरटाइम, आणि १३१-१३५ अशी हार. लॅरी बर्डसारखा माणूस नंतर म्हणाला की मायकल जॉर्डनचं रूप घेऊन देवच आला होता. हे सगळं दादाने मला इतक्या वेळा ऐकवलंय की ती मॅच मी स्वतः पाहिली असं वाटतं.

आम्ही नागपूरचे. दादा माझ्याहून सहा वर्षांनी मोठा. बास्केटबॉल मला त्यानेच शिकवला. त्याच्याकडे एक दोनशे पानी वही होती, तीत जॉर्डनच्या सगळ्या मोठ्या मॅचेस हाताने उतरवलेल्या. वहीत तारीख, समोरचा संघ आणि गुण एवढेच तीन रकाने. मी मॅच खेळून घरी आले की त्याचा पहिला प्रश्न असायचा, "किती मारले?" जिंकलो की हरलो हे तो नंतर विचारायचा, कधी कधी विचारायचाही नाही.

१९९६ च्या डिसेंबरमध्ये आमची आंतरशालेय फायनल होती. मी दहावीत होते. सिमेंटचं कोर्ट, दुपारी तापलेलं. तेव्हा वीस-वीस मिनिटांचे दोन हाफ असायचे. शेवटच्या नऊ सेकंदांना आम्ही ४७-४८ असे एका गुणाने मागे होतो आणि बॉल माझ्या हातात होता. ४७ पैकी ३१ माझे होते. मी उजवीकडून ड्रिबल करत फ्री थ्रो लाइनपर्यंत आले, तोवर त्यांच्या दोन मुली माझ्या अंगावर आल्या. एक समोरून, एक डावीकडून. डावीकडून जी आली ती माझ्या मैत्रिणीला सोडून आली होती. माझी मैत्रीण रिंगच्या खाली डाव्या बाजूला एकटी उभी होती, दोन्ही हात वर करून.

मी पास दिला. बरोबर तिच्या हातात दिला. तिने मारला, बॉल रिंगवर दोनदा उडाला आणि बाहेर पडला. शिट्टी वाजली.

दादा जाळीच्या बाहेर लुनावर एक पाय टेकवून उभा होता. मी पाणी प्यायला गेले तर म्हणाला, "पास काऊन दिला? जॉर्डन असता तर त्यानं स्वतः मारला असता." आमच्या सरांनी सगळ्यांसमोर तेच सांगितलं, की शेवटचा बॉल ज्याला मारता येतो त्यानेच मारायचा असतो. दोघांनीही हे मोठ्याने सांगितलं. मैत्रीण तिथेच पायरीवर बसली होती, बुटाची लेस सोडत होती आणि पुन्हा बांधत होती. पुढच्या आठवड्यापासून ती प्रॅक्टिसला आली नाही. नंतरही कधी आली नाही. मला त्या हरण्याचं आज काही वाटत नाही. तिच्या जाण्याचं वाटतं, आणि तेव्हा तोंड उघडून "पास बरोबर होता" असं मी म्हटलं नाही याचं जास्त वाटतं.

पुढच्याच जूनमध्ये एनबीएची, म्हणजे जॉर्डन खेळायचा त्या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगची, फायनल, बुल्स विरुद्ध युटा, सहावी मॅच. आपल्याकडे १४ जून १९९७ ची सकाळ. दादा आणि मी केबलवर बघत होतो. ८६-८६ बरोबरी, शेवटची काही सेकंदं, बॉल जॉर्डनकडे. युटाचा जॉन स्टॉक्टन आपला माणूस सोडून जॉर्डनवर धावला आणि जॉर्डनने मोकळ्या झालेल्या स्टीव्ह कर या आपल्या सहकाऱ्याला पास दिला. करने मारला, आत गेला, बुल्स चॅम्पियन. मी दादाकडे बघितलं. तो म्हणाला, "कर मुरलेला शूटर आहे. तुझी मैत्रीण अन् कर एक का?"

याला माझ्याकडे बरीच वर्षं उत्तर नव्हतं. मग इंटरनेटवर जुन्या मॅचेस बघता येऊ लागल्या आणि मला २८ मार्च १९९५ सापडला. तारीख नीट बघा. ६९ च्या मॅचला त्या दिवशी बरोबर पाच वर्षं झाली होती.

माझ्या मते जॉर्डनचा सर्वांत भारी सामना हाच. बेसबॉल खेळायला गेलेला जॉर्डन परत येऊन दहाच दिवस झाले होते. २३ ऐवजी ४५ नंबरची जर्सी, परतल्यापासून ही पाचवी मॅच. पहिल्या मॅचमध्ये त्याचे २८ पैकी फक्त ७ शॉट आत गेले होते. आणि आता न्यूयॉर्कचं मॅडिसन स्क्वेअर गार्डन, समोर निक्स. पहिल्या क्वार्टरमध्ये २०, हाफपर्यंत ३५, तीन क्वार्टरमध्ये ४९, शेवटी ५५. शॉट किती घेतले? ३७. क्लीव्हलँडला ६९ केले तेव्हाही ३७ च. १११-१११ बरोबरी असताना बॉल जॉर्डनकडे आला. अंगावर जॉन स्टार्क्स होताच, मदतीला पॅट्रिक यूइंग धावला. यूइंगने ज्याला सोडलं होतं तो बिल वेनिंग्टन. कॅनडाचा सात फुटी सेंटर, बेंचवरून येणारा, एनबीएचा कुणी तारा नव्हे. ५५ गुण केलेल्या माणसाने बॉल त्याला दिला. वेनिंग्टनने डंक केला, म्हणजे उडी मारून बॉल वरून थेट रिंगमध्ये घातला, ११३-१११. त्या पूर्ण मॅचमध्ये जॉर्डनचे असिस्ट, म्हणजे ज्यावर पुढच्याने बास्केट केली असे पास, दोनच, त्यातला एक हा.

मी दादाला फोन करून सांगितलं. तो म्हणाला, "आत गेला म्हणून तू सांगून राहिली."

इथेच आमचं भांडण अडकलं आहे, आणि इथे मी मागे हटणार नाही. पास बरोबर की चूक हे पास हातातून सुटतो तेव्हा ठरतं. बॉल रिंगवरून कुठे उडाला त्यावर ते ठरत नाही. दोघी माझ्यावर आल्या होत्या, एक मुलगी रिंगखाली मोकळी होती. दोघींच्या हातांवरून मारलेला माझा शॉट कदाचित आत गेलाही असता, तरी तो चुकीचाच शॉट असता. आणि स्कोअरशीटची रीत बघा. पास दिला आणि पुढच्याने चुकवला, तर असिस्ट लिहीत नाहीत. मारणाऱ्याच्या नावावर चुकलेला शॉट पडतो, देणाऱ्याच्या नावावर काहीच नाही. जॉर्डनने असे किती बरोबर पास दिले आणि ते वाया गेले, हे गुणांच्या कुठल्याच यादीत सापडणार नाही.

तुम्ही लिहिलंय की मुलगा नुकताच खेळायला लागलाय आणि जॉर्डनच्या विक्रमांचा तक्ता त्याला भिंतीवर लावायचाय. लावा. पण निकालाचा रकाना ठेवा. १९८६-८७ मध्ये जॉर्डनची सरासरी ३७.१, एकूण ३०४१ गुण, आणि जुना महान खेळाडू विल्ट चेंबरलेन याच्यानंतर मोसमात तीन हजार पार करणारा तो पहिलाच. त्या वर्षी बुल्स ४० जिंकले, ४२ हरले आणि प्लेऑफच्या पहिल्याच फेरीत सेल्टिक्सने त्यांना ३-० ने घरी पाठवलं. १९९०-९१ मध्ये त्याची सरासरी उतरून ३१.५ झाली. तोवर फिल जॅक्सन कोच झाला होता, टेक्स विंटरची ट्रँगल ही खेळण्याची पद्धत आली होती, बॉल फिरू लागला होता. बुल्स ६१ जिंकले आणि पहिल्यांदा चॅम्पियन झाले. हे दोन मोसम तक्त्यात एकमेकांखाली लिहा. आणि मुलगा मॅच खेळून घरी आला की "किती मारले" हे पहिलं विचारू नका.

उरलेले आकडे भराभर देते. मोसमात सर्वाधिक सरासरीचा मान दहा वेळा, त्यातला १९८७ ते १९९३ सलग सात. कारकिर्दीची सरासरी ३०.१२, चेंबरलेनच्या ३०.०७ पेक्षा केसभर वर. एकूण ३२,२९२ गुण. १९९३ च्या फायनलमध्ये फिनिक्सविरुद्ध सहा सामन्यांत सरासरी ४१. सलग ८६६ सामन्यांत दोन आकडी गुण. ही साखळी २००१ च्या डिसेंबरमध्ये इंडियानाविरुद्ध ६ गुणांवर तुटली आणि लगेच पुढच्या मॅचमध्ये, वयाच्या ३८ व्या वर्षी, त्याने ५१ केले.

एक खुलासा आधीच करायला हवा होता. ६९ हा जॉर्डनचा विक्रम आहे, एनबीएचा नाही. एनबीएचा विक्रम विल्ट चेंबरलेनचे १०० गुण, २ मार्च १९६२, हर्शी नावाच्या गावात. कोबी ब्रायंटचे २००६ मधले ८१ सुद्धा ६९ च्या वरच. एकूण गुणांमध्ये लेब्रॉन जेम्स जॉर्डनच्या बराच पुढे निघून गेलाय.

आणि स्वतः मारूच नये असं मी म्हणत नाही. १९९८ च्या फायनलच्या शेवटच्या मॅचमध्ये सहकारी पिपेनची पाठ धरली होती, तेव्हा जॉर्डनने बुल्सच्या ८७ पैकी ४५ गुण स्वतः केले आणि शेवटचा शॉटही स्वतःच मारला. युटाच्या कुणी दुसऱ्याने त्याच्यावर धाव घेतली नाही, म्हणून तो शॉट बरोबर.

दादाचं एक म्हणणं मात्र मला मान्य करावं लागतं. तो म्हणतो, त्या मॅचमध्ये तू मैत्रिणीला त्याआधी बॉल दिलाच किती वेळा? खरं आहे. सेकंड हाफमध्ये मी तिला जवळजवळ बॉल दिलाच नव्हता. तिचे हात गार पडले होते आणि मी एकदम शेवटचा बॉल तिच्या हातात ठेवला. चूक झाली असेल तर ती आधीच्या एकोणीस मिनिटांत झाली, त्या नऊ सेकंदांत नाही. आम्ही दोघी आजही भेटतो. ती अजून म्हणते, "तू मारायला हवा होता." मी दर वेळी नाही म्हणते.

५५ ची मॅच मुलासोबत बसून बघा. शेवटी यूइंग जॉर्डनकडे पहिलं पाऊल टाकतो, तिथे थांबवा आणि मुलाला विचारा, आता बॉल कुठे जायला हवा.