कर्ज काढून लेकीला लंडनला एडिटिंग शिकायला पाठवावं का?

पत्र : मुलगी मास कम्युनिकेशनच्या शेवटच्या वर्षाला आहे. लंडनला जाऊन टीव्ही एडिटर व्हायचं म्हणते. कर्ज काढून पाठवावं का? आणि दिवसभर कॉम्प्युटरवर कापाकापी करण्यात करिअर ते काय?
– एक पालक, सांगली

उत्तर : आधी कापाकापीचं बघू. मुंबईत घडणारा ‘स्लमडॉग मिलेनियर’ तुम्ही पाहिला असेल. त्याच्या एडिटिंगसाठी 2009 मध्ये ऑस्कर मिळालं ते क्रिस डिकन्स या ब्रिटिश एडिटरला. त्याआधी हे गृहस्थ टीव्हीवरच्या विनोदी मालिका एडिट करत होते. ब्रिटनच्या चॅनल 4 वर 1999 साली आलेली ‘स्पेस्ड’ ही त्यांतलीच एक. तिचे दिग्दर्शक एडगर राइट पुढे सिनेमाकडे वळले, तेव्हा ‘शॉन ऑफ द डेड’च्या एडिटिंगला त्यांनी डिकन्सनाच घेतलं. तिकडे काम मिळतं ते बरंचसं असं, ओळखीच्या माणसाच्या भरवशावर. बहुतेक एडिटर फ्रीलान्स. एक मालिका संपली की दुसरी मिळेपर्यंत घरी. एक तारखेच्या पगाराची सवय असलेल्या घराला हे जड जातं.

सुरुवात बहुधा रनर म्हणून होते. लंडनच्या सोहो भागातल्या एखाद्या पोस्ट प्रॉडक्शन हाउसमध्ये, म्हणजे शूटिंगनंतरचं काम जिथे होतं तिथे, चहा-कॉफी द्यायची, हार्ड डिस्क पोचवायच्या. मग असिस्टंट : आलेलं शूटिंग सिस्टिमवर चढवायचं, आवाज आणि चित्र जुळवायचं, प्रत्येक शॉटला नाव देऊन ठेवायचं. एडिटरची खुर्ची त्यानंतर. लाखो रुपये फी भरून आलेली मुलगी कप उचलते हे ऐकून आईबापांचा चेहरा पडतो, हे मी पाहिलंय. पण त्यात कमीपणा काही नाही.

खरी अडचण व्हिसाची. शिक्षण संपल्यावर तिथे राहायला मुदत मिळते, पण ठरावीक. पुढे नोकरीच्या व्हिसासाठी कुणा कंपनीने स्पॉन्सर करावं लागतं, आणि फ्रीलान्सरला स्पॉन्सर करणारं कोण? लंडनजवळच्या बीकन्सफील्डच्या नॅशनल फिल्म अँड टेलिव्हिजन स्कूलमध्ये एडिटिंगचा दोन वर्षांचा एमए आहे, आणि तो नावाजलेला आहे. तरी आत्ताच कर्ज काढू नका, असंच मी म्हणेन. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये टीव्ही विभागाचा एडिटिंगचा कोर्स आहे, त्याची प्रवेश परीक्षा तिला देऊ द्या. मग दोनेक वर्षं मुंबईत असिस्टंटगिरी. लंडन कुठे पळून जात नाही.

तोवर एक करा. घरात आजी असेल तर मोबाइलवर तिची चाळीस मिनिटांची मुलाखत घ्यायला सांगा. एडिटिंगला दाविंची रिझॉल्व्ह या सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरते. त्यातून चार मिनिटं काढायची. उत्तर देण्याआधी आजी दोन सेकंद गप्प बसते, पदराशी चाळा करते. ब्रिटिश टीव्हीच्या हिशेबाने, सेकंदाला 25 फ्रेम म्हणजे 25 चित्रं धरून, त्या 50 फ्रेम झाल्या. त्या ठेवायच्या की उडवायच्या, यावर लेक तासभर अडून बसली, तर तुमचा कापाकापीचा प्रश्न तिथेच मिटला. अर्ध्या तासात कंटाळून मोबाइलकडे वळली, तर कर्जाचाही मिटला.

तो चार मिनिटांचा कट मला पाठवा. सोबत चाळीस मिनिटांचं मूळ रेकॉर्डिंगही हवं. तिने काय टाकून दिलं, ते मला आधी बघायचंय.