नळाचं पाणी दोन दिवस भरून ठेवलं तरी बदलल्यावर मासे वर येऊन तोंड उघडतात. माशांसाठी पाणी नेमकं कसं तयार करायचं?

तुमच्या प्रश्नात टाकी ६० बाय ३० बाय ३५ सेंटिमीटरची आहे, पाणी झाकणाच्या ड्रममध्ये दोन दिवस राहतं, दर आठवड्याला अर्धं पाणी बदललं जातं आणि तासाभरात मासे वर येऊन तोंडाची उघडझाप करू लागतात. मी सगळ्यात आधी त्या ड्रमच्या झाकणावर बोट ठेवेन.

नळाच्या पाण्यात जंतू मारण्यासाठी क्लोरीन घातलेला असतो आणि तोच माशांना बाधतो. तो पाण्यातून उडून जातो हे खरं, पण त्यासाठी पाण्याचा पृष्ठभाग हवेला उघडा लागतो. तोंडापर्यंत भरलेल्या, उंच, झाकलेल्या ड्रममध्ये तो दोन दिवसांनंतरही शिल्लक राहू शकतो. तेच पाणी पसरट टबात उघडं ठेवलं आणि त्यात एअरस्टोन, म्हणजे एअर पंपाला जोडलेला बुडबुडे सोडणारा सच्छिद्र दगड, सोडला तर साधारण २४ तासांत क्लोरीन निघून जातो. टब उन्हात असेल तर त्याहून लवकर.

पण झाकण काढल्यावर प्रश्न सुटेलच असं नाही. अनेक ठिकाणी पाणीपुरवठ्यात नुसता क्लोरीन न वापरता त्यात अमोनिया मिसळून क्लोरामाइन तयार करतात, कारण ते लांबच्या पाइपलाइनमध्ये शेवटपर्यंत टिकतं. हा टिकाऊपणाच आपल्या मुळावर येतो. क्लोरामाइन एका रात्रीत उडत नाही, उघड्या टबातही कित्येक दिवस रेंगाळतं. म्हणून ‘पाणी भरून ठेवा, झालं’ हा सल्ला मी कोणालाही डोळे मिटून देणार नाही. आधी आपल्या नळाला काय येतं ते बघा.

त्यासाठी स्विमिंग पूलचं टेस्ट किट पुरतं. डीपीडी प्रकारचं किट घेतलंत तर ‘फ्री’ आणि ‘टोटल’ क्लोरीन वेगवेगळे मोजता येतात, आणि दोन्हींतला फरक म्हणजे साधारणपणे क्लोरामाइन. पिवळा रंग येणारं ऑर्थोटोलिडिनचं साधं किट दोन्ही एकत्रच दाखवतं, पण त्यातूनही काम भागतं. ताज्या पाण्याची तपासणी करा. मग तेच पाणी उघड्या भांड्यात २४ तास एअर पंप लावून ठेवा आणि पुन्हा तपासा. पिवळेपणा गेला तर नुसता क्लोरीन होता. जवळपास तेवढाच राहिला तर क्लोरामाइन समजा. तपासलेलं पाणी फेकून द्या, टाकीत ओतू नका.

वास येत नाही म्हणून पाणी चांगलं, असं मात्र धरू नका. नळाच्या पाण्यात साधारण ०.२ ते २ मिलिग्रॅम प्रतिलिटर क्लोरीन असतो, आणि पाणी गढूळ येऊ लागलं की तो वाढवला जातो. माशांच्या कल्ल्यांना मात्र ०.०२ ते ०.०५ मिलिग्रॅमही त्रास देऊ शकतो, आणि इतका कमी क्लोरीन आपल्या नाकाला कळत नाही. कल्ल्यांवरचा पातळ पडदा त्याने भाजतो, सुजतो, त्यावर चिकट स्राव साचतो, आणि पाण्यात भरपूर ऑक्सिजन असूनही तो रक्तात जात नाही. म्हणून मासे वर येतात. बेट्टा आणि गुरामी वरची हवा घेऊ शकतात, त्यामुळे ते त्या दिवशी तग धरतात, पण कल्ले त्यांचेही भाजलेलेच असतात.

क्लोरीन लगेच मारायचा तर सोडियम थायोसल्फेट, म्हणजे आपला ‘हायपो’. खडीसाखरेसारखे पारदर्शक खडे असतात. इथे नावाचा एक धोका नीट लक्षात ठेवा: सोडियम हायपोक्लोराइट, म्हणजे ब्लीच, यालाही काही जण बोलताना ‘हायपो’ म्हणतात. तो तर द्रवरूप क्लोरीनच! बाटलीवर ‘थायोसल्फेट’ हा शब्द वाचल्याशिवाय काहीही टाकीजवळ आणू नका. फोटोग्राफीचं तयार फिक्सरही नको, त्यात इतर रसायनं असतात.

‘बादलीला चार खडे’ असं माप सर्रास सांगतात, पण खडा कधी तांदळाएवढा तर कधी हरभऱ्याएवढा असतो. त्यापेक्षा द्रावण करून ठेवा. १० ग्रॅम खडे थोड्या आरओच्या किंवा डिस्टिल्ड पाण्यात विरघळवा आणि एकूण १०० मिलिलिटर होईल इतकं पाणी घाला. आता प्रत्येक मिलिलिटरमध्ये १०० मिलिग्रॅम हायपो आहे. व्यवहारात १ मिलिग्रॅम क्लोरीनला सुमारे ७ मिलिग्रॅम हायपो लागतो असा हिशेब धरतात. म्हणजे १० लिटर पाण्याला २ मिलिलिटर द्रावण घातलं तर जवळजवळ २.८ मिलिग्रॅम प्रतिलिटर क्लोरीन मरतो, आणि नेहमीच्या पाण्याला तेवढं पुरून उरतं. थोडा हायपो जास्त झाला तर मासे मरत नाहीत, पण दहापट ओतण्याचंही काही कारण नाही. मोजायला सुई काढलेली सिरिंज वापरा. द्रावण गडद बाटलीत, थंड जागी ठेवा. तळाशी पांढुरका-पिवळसर गाळ दिसला तर ते गंधक आहे, म्हणजे द्रावण खराब झालंय. फेकून नवीन करा. तसंही दोन-तीन महिन्यांपेक्षा जुनं वापरू नये.

क्लोरामाइन असेल तर हायपो त्यातला क्लोरीन मारतो आणि अमोनिया मोकळा सोडतो. नळाला २ मिलिग्रॅम प्रतिलिटर क्लोरामाइन असेल, तर मोकळा होणारा अमोनिया नायट्रोजनच्या मापात सुमारे ०.४ मिलिग्रॅम प्रतिलिटर भरतो. पाव टाकी पाणी बदललं तर सगळ्या टाकीत मिसळून तो ०.१ राहतो, आणि रुळलेल्या टाकीच्या फिल्टरमधले जिवाणू तो काही तासांत पचवतात. तेच अर्धं पाणी बदललं, टाकी नवीन असली आणि पीएच (पाणी किती आम्ल किंवा अल्कधर्मी आहे याचं माप) ८ च्या वर असला, तर गोष्ट वेगळी. २५ अंश सेल्सिअसला पीएच ७ असताना एकूण अमोनियाचा जेमतेम अर्धा टक्का विषारी रूपात असतो, पीएच ८ ला सुमारे ५ टक्के आणि ८.५ ला १५ टक्क्यांच्या आसपास. अशा वेळी नुसत्या हायपोवर न थांबता ‘क्लोरामाइन’ आणि ‘अमोनिया’ हे दोन्ही शब्द लेबलवर असलेलं वॉटर कंडिशनर घ्या, आणि डोस लेबलप्रमाणे द्या. कंडिशनरने अमोनिया तात्पुरता बांधला जातो, नाहीसा होत नाही, पुढचं काम फिल्टरमधल्या जिवाणूंचंच. त्यानंतर अमोनियाची टेस्ट केली तर बांधलेला अमोनियाही बऱ्याचदा रंगात दिसतो, तो पाहून घाबरून डोसवर डोस देऊ नका.

आता तुमच्या टाकीचा हिशेब. ६० × ३० × ३५ भागिले १००० म्हणजे ६३ लिटर. पण वर चार बोटं जागा रिकामी असते, खाली खडी असते, त्यामुळे प्रत्यक्ष पाणी ५० लिटरच्या आसपास धरा. अर्धं पाणी एकदम बदलणं मला तुमच्यासाठी जास्त वाटतं. आठवड्याला २५ टक्के, म्हणजे १२-१३ लिटर पुरे. मासे खूप असतील तर दोनदा बदला, पण प्रत्येक वेळी तेवढंच.

एक १५ लिटरची बादली फक्त टाकीसाठी ठेवा, जिला साबण कधी लागलेला नाही. सकाळी पहिलं पाणी घेऊ नका, रात्रभर पाइपमध्ये थांबलेल्या पाण्यात तांबं उतरलेलं असू शकतं आणि कोळंबी-गोगलगायींना ते फार लवकर बाधतं. दोन-तीन मिनिटं नळ सोडून ते पाणी झाडांना घाला, मग बादली भरा. गीझरचं पाणीही याच कारणाने टाळा. १२ लिटरला २.५ मिलिलिटर द्रावण घालून चांगलं ढवळा. क्लोरीन मिनिटभरात मरतो, तरी पाच-दहा मिनिटं थांबा, आणि किट असेल तर सुरुवातीचे काही आठवडे ओतण्याआधी एकदा तपासून घ्या. नंतर एअरस्टोन लावून पाणी अर्धा-एक तास तसंच राहू द्या. हे मी क्लोरीनसाठी सांगत नाही. दाबाखालच्या थंड पाण्यात हवा जास्त विरघळलेली असते. असं पाणी थेट टाकीत गेलं की काचेवर आणि माशांच्या परांवर बारीक बुडबुडे धरतात, आणि तेच बुडबुडे कल्ल्यांत झाले तर मासा दगावू शकतो.

तापमान थर्मामीटरने मोजा. टाकी आणि बादली यांत १-२ अंशांपेक्षा जास्त फरक नको. मग एका बाजूने, हातावर किंवा बशीवर धार पाडत, सावकाश ओता. कोणी पाइप लावून नळ थेट टाकीत सोडत असेल, तर डोस नव्या पाण्याचा नाही, पूर्ण टाकीचा द्यायचा, आणि तोही नळ सुरू करण्याआधी.

पीएच दोन्हीकडे मोजून बघा. टाकीचा ६.५ आणि नळाचा ८ असेल, तर टाकीत साठलेला निरुपद्रवी अमोनिया नव्या पाण्यामुळे एकदम विषारी रूपात जातो. महिनोन्‌महिने पाणी न बदललेल्या टाकीत हे हमखास होतं आणि दोष मात्र नळाच्या पाण्याला जातो. अशा टाकीत रोज १० टक्के बदलत आठवडाभरात वळणावर आणा. बोअरचं पाणी असेल तर क्लोरीन नसतो, पण ऑक्सिजन कमी, कार्बन डायऑक्साइड जास्त आणि कडकपणा भरपूर असू शकतो, म्हणून त्याला २४ तास हवा द्या आणि मगच पीएच मोजा. नुसतं आरओचं पाणीही घालू नका, त्यात क्षार जवळजवळ नसल्याने पीएच सांभाळणारं काही उरत नाही आणि तो अचानक कोसळतो.

तुरटी फिरवून गढूळ पाणी निवळायची सवय घरोघरी आहे, पण माशांच्या पाण्यात तुरटी नको. ती पाण्याचा पीएच खाली ओढते आणि ॲल्युमिनियम कल्ल्यांना घातक असतं. मिठाने क्लोरीन जात नाही. दुकानात हातात ठेवतात ते निळं औषध बहुधा मिथिलीन ब्लू असतं. ते बुरशीसाठी आहे, क्लोरीनवरचा उपाय म्हणून नाही, आणि फिल्टरमधल्या जिवाणूंना तेही मारतं. पाणी उकळलं तर क्लोरीन जातो, पण ऑक्सिजनही जातो, तेव्हा ते गार करून हवा देऊनच वापरा. एवढा गॅस जाळण्यापेक्षा अडीच मिलिलिटर हायपो सोपा.

आणि फिल्टरचा स्पंज नळाखाली धुऊ नका. बदलताना काढलेलं टाकीचंच पाणी एका टबात घ्या आणि त्यात स्पंज दोन-तीनदा पिळा. तपकिरी पाणी निघालं, प्रवाह पुन्हा सुरू झाला की बास, पांढराशुभ्र करायचा नाही. नळाखाली धुतलात तर चार-सहा आठवड्यांत वसलेले जिवाणू क्लोरीनने मरतात आणि पुढचे काही दिवस अमोनिया चढत राहतो. तुम्ही त्याच दिवशी स्पंजही धुत असाल तर हे कारणही तपासून बघा.

मासे या क्षणी वर येऊन धापा टाकत असतील तर आधी क्लोरीन मारा. पूर्ण टाकीच्या हिशेबाने, म्हणजे तुमच्या ५० लिटरला १० मिलिलिटर द्रावण, थोड्या पाण्यात मिसळून फिल्टरच्या धारेजवळ सोडा. एअर पंप पूर्ण चालू, लाइट बंद. गोंधळून पुन्हा नळाचं पाणी घालू नका. त्या दिवशी खाणं देऊ नका, आणि संध्याकाळी व दुसऱ्या सकाळी अमोनिया मोजा. कल्ल्यांची हालचाल काही तासांत मंदावली तर मासे सावरताहेत. कल्ले लालभडक दिसत असतील किंवा अंगावर पांढुरका चिकट थर आला असेल, तर ते भरायला आठवडाभर लागू शकतो. तेवढे दिवस टाकीत नवीन मासा सोडू नका आणि हवा बंद करू नका.