सीझन संपला म्हणून खावटी थांबत नाही

प्रश्न : माझं सासर मालवणचं, माहेर राजापूर तालुक्यात. मिस्टरांची भावासोबत भागीत बोट आहे. पिणं आणि मारहाण याला कंटाळून गणपतीनंतर पाच वर्षांच्या मुलीला घेऊन माहेरी आले, तेव्हापासून एक रुपया नाही. फोन केला की 'माका काय पगार आसा? पावसात बोट बंद, पैसे खंयसून देव?' म्हणतात, वर बोटीचं कर्ज सांगतात. मी काजूच्या कारखान्यात जाते तर तेही ऐकवतात. केस करायची तर मालवणला खेपा घालायला लागतील का? आणि माझ्याकडे कागद काहीच नाहीत.

उत्तर : ताई, खेपांची काळजी आधी सोडा. तुम्ही आता जिथे राहताय तिथल्याच, म्हणजे राजापूरच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात अर्ज करता येतो, तारखेला यायचं ते त्यांनी. पूर्वी ज्याला सगळे १२५ म्हणायचे ते खावटीचं, म्हणजे पोटगीचं, कलम १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १४४ झालंय, बाकी हक्क तोच. वकिलाला पैसे नसतील तर तालुका विधी सेवा समितीत जा, बाईमाणसाला तिथे वकील फुकट मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही. १५१०० ही त्यांची हेल्पलाइन.

आता पगाराचं. पगाराची स्लिप नाही म्हणून उत्पन्न नाही असं कोर्ट मानत नाही, नाहीतर आपल्या किनाऱ्यावर कुणाच्याच बायकोला खावटी मिळाली नसती. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते हे मॅजिस्ट्रेटलाही माहीत असतं, पण हिशोब वर्षाचा धरून महिन्याला पाडतात, आणि त्या दोन महिन्यांत ते स्वतः जेवतातच ना? धडधाकट नवऱ्याने अंगमेहनत करून का होईना बायकोपोरांना पोसलं पाहिजे, हे सुप्रीम कोर्टाने २०२२ मध्ये अंजू गर्ग केसमध्ये स्पष्ट सांगितलंय. कर्जाचंही तसंच, बोटीचे हप्ते भरून मालमत्ता त्यांचीच वाढते, तेव्हा हप्ता आधी आणि मुलगी नंतर हे कोर्टात सहसा चालत नाही.

कागद नाहीत म्हणता, पण तुम्हाला जे माहीत आहे ते लिहून काढा : बोटीचं नाव नि नंबर, रजिस्ट्रेशन कुणाच्या नावावर, डिझेल कुठल्या मच्छीमार सोसायटीतून येतं, डिझेलचा परतावा कुठल्या बँकेत जमा होतो, मासळी कुठल्या व्यापाऱ्याला जाते, खलाशी किती ठेवतात. घरात राहिलेल्या बाईला हे सगळं पाठ असतं, फक्त तो पुरावा आहे असं तिला वाटत नाही. २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालापासून दोघांनाही उत्पन्न, मालमत्ता आणि कर्जाचं प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं, त्यांनी काही लपवलं तर तुमचा वकील हीच माहिती घेऊन उलटतपासणी करतो आणि बँकेचे उतारे मागवायला लावतो. तुमच्या प्रतिज्ञापत्रात मात्र काजूचा पगार लपवू नका हां. थोडं कमावते म्हणून बायकोचा हक्क जात नाही, त्या पैशात तिचं नीट भागतं का एवढंच बघतात, पण लपवलेलं उघड झालं तर बाकीच्या खऱ्या बोलण्यावरही कोर्टाचा विश्वास राहत नाही. मुलीचा हक्क तर तुमच्या कमाईवर अवलंबूनच नाही.

'स्वतःहून निघून गेली' हे ते म्हणणारच. योग्य कारण नसताना वेगळं राहिलं तर बायकोला खावटी मिळत नाही हे खरं, पण मारहाण हे योग्य कारण आहे, म्हणून सरकारी दवाखान्याचा केसपेपर, पोलिसात दिलेली एनसी (अदखलपात्र तक्रारीची नोंद), शेजारच्या कुणाची साक्ष, जे असेल ते जमवा. शिवाय २००५ च्या घरगुती हिंसाचार कायद्याखालीही खर्च आणि राहायला जागा मागता येते, दोन्ही अर्ज केले तर एकातली रक्कम दुसऱ्यात धरतात.

अर्जासोबत अंतरिम, म्हणजे केसचा निकाल लागेपर्यंतची, खावटी मागाच, नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत त्यावर निकाल द्यावा असं कायद्यात आहे. प्रत्यक्षात तारखा पडतात, खोटं कशाला सांगू, पण रक्कम साधारण अर्जाच्या तारखेपासून धरतात म्हणून उद्या उद्या करू नका. आदेश होऊनही दिले नाहीत तर वसुलीचा अर्ज रक्कम थकल्यापासून वर्षाच्या आत टाकायचा. थकलेल्या प्रत्येक महिन्यामागे महिनाभरापर्यंत कैद होऊ शकते आणि आत जाऊन आलं तरी देणं फिटत नाही.

प्रश्न : मी गुहागरचा. बायको मुलाला भेटू देत नाही, मग मुलाचे पैसे बंद केले तर चालेल का?

उत्तर : नाही चालणार. भेट आणि खर्च या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एक अडवली म्हणून दुसरी अडवता येत नाही. मुलाला भेटण्यासाठी १८९० च्या पालक आणि पाल्य कायद्याखाली वेगळा अर्ज करा, आणि तोवर पैसे बँकेतूनच पाठवा, रोख देऊ नका. नियमित पैसे पाठवणारा बाप म्हणून उभे राहिलात तर त्या अर्जातही तुमचीच बाजू बरी दिसेल.