वाचकांचे प्रश्न : क्लार्सखचा सरकता सूर

प्रश्न : मी गेली अनेक वर्षे सतार शिकतो आहे. अलीकडेच स्कॉटलंडच्या हार्पवादक आणि रचनाकार कॅट्रिओना मॅके यांचे वादन ऐकले. तार छेडल्यानंतर काही ठिकाणी सूर वर सरकतो, तो मला मींडेसारखा वाटला. हे तिथल्या परंपरेत आहे, की आधुनिक भर? अशा मिश्रणाने मूळ परंपरेला धक्का बसत नाही का?
– एक वाचक, मिरज

उत्तर : आपल्या कानाने नेमकी जागा टिपली आहे. डंडी येथे जन्मलेल्या मॅके जी हार्प (चौकटीत ताणलेल्या तारा बोटांनी छेडून वाजवायचे उभे वाद्य) वाजवतात तिला स्कॉटलंडच्या गेलिक भाषेत क्लार्सख म्हणतात. ऑर्केस्ट्रातल्या ४७ तारांच्या आणि सात पेडलांच्या हार्पपेक्षा ती लहान असते. तिच्या प्रत्येक तारेच्या वरच्या टोकाशी लिव्हर नावाची बोटभर कळ असते. ती फिरवली की तारेची वाजणारी लांबी किंचित घटते आणि सूर अर्ध्या स्वराने चढतो. ही सोय मुळात पट्टी बदलण्यासाठी आहे. मॅके मात्र तार वाजत असतानाच कळ फिरवतात आणि आपण ऐकलेला सरकता सूर त्यातून निघतो. तरीही याला मींड म्हणता येणार नाही, कारण मींडेत आपण तार खेचून मधल्या श्रुती, म्हणजे सूक्ष्म स्वर, दाखवत जातो, तर इथे पल्ला अर्ध्याच स्वराचा असतो आणि तोही क्षणात संपतो. कणस्वराशी, म्हणजे मुख्य स्वराला ओझरता स्पर्श करणाऱ्या स्वराशी, त्याचे नाते मला अधिक जवळचे वाटते. शिवाय कळ बहुधा डाव्या हाताने फिरवावी लागते, त्यामुळे तेवढ्यापुरती खर्जाची साथ थांबते आणि ती रिकामी जागाही लयीत बसवावी लागते.

आता परंपरेविषयी. एडिनबराच्या राष्ट्रीय संग्रहालयात पंधराव्या शतकातली ‘क्वीन मेरी हार्प’ जपलेली आहे. त्या काळच्या हार्पला धातूच्या तारा असत आणि गेलिक सरदारांच्या पदरी वादक असत. अठराव्या शतकात ही वादकांची परंपरा खंडित झाली. आजची क्लार्सख एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस नव्याने घडवली गेली आणि तिच्या प्रसारासाठी १९३१ मध्ये क्लार्सख सोसायटी स्थापन झाली. सतारीच्या घराण्यांत तालीम जशी हातून हाती आली, तशी ती इथे आलीच नाही. फिडल (लोकसंगीतातले व्हायोलिन), बॅगपाइप आणि गेलिक गाणी यांच्या चाली या वाद्यावर नव्याने बसवाव्या लागल्या. म्हणूनच क्लार्सखसाठी नवी रचना करणे हा परंपरेला धक्का आहे, असे मला मुळीच वाटत नाही. ते या वाद्याच्या जिवंतपणासाठी आवश्यकच होते.

मॅके यांची ‘स्वॉन एलके२४३’ ही धून अवश्य ऐकावी. १९०० मध्ये शेटलंड बेटांवरील लेरविक बंदरात बांधलेल्या, हेरिंग मासेमारीच्या एका शिडाच्या जहाजाचे हे नाव आणि नोंदणी क्रमांक. धून अगदी अलीकडची असूनही इतर वादकांनी ती जुन्या रील्सच्या (जलद लयीतल्या पारंपरिक नृत्यधुनांच्या) बरोबरीने आपल्या वादनात सामावून घेतली आहे. त्यानंतर फेअर आयल बेटाचे फिडलवादक ख्रिस स्टाउट यांच्यासोबतचे त्यांचे ‘लेब्रॅक’ आणि ‘व्हाइट नाइट्स’ हे संग्रह ऐकावेत. फिडल पुढे असताना क्लार्सख कधी ताल धरते, कधी खर्ज सांभाळते आणि कधी अचानक मुख्य चाल स्वतःकडे घेते. तिथे तिच्या खालच्या तारांकडे विशेष लक्ष द्यावे.