जुने हिंदी प्रेमपट आजही का खिळवून ठेवतात?

नुसतं स्मरणरंजन म्हणावं, तर त्या काळानंतर कित्येक वर्षांनी जन्मलेल्यांनाही हे चित्रपट का आवडतात? माझ्या मते कारण गाण्यांच्या चित्रीकरणात आहे. त्या वेळचे जाणते दिग्दर्शक प्रेमाची कबुली संवादात उरकत नसत. ती गाण्यावर सोपवत आणि गाण्यात दोघांमधलं अंतर जपत.

‘कागज के फूल’मधलं (१९५९) ‘वक्त ने किया’ बघा. रिकाम्या स्टुडिओत गुरुदत्त आणि वहिदा रेहमान लांब लांब उभे आहेत. ओठ कुणाचेच हलत नाहीत, आवाज गीता दत्तचा. वरून येणारा तो झोत म्हणजे छायालेखक व्ही. के. मूर्तींनी आरशांवरून आत वळवलेलं ऊन. चित्रपट सिनेमास्कोपमधला, म्हणजे खूप रुंद चौकटीचा आहे, त्यामुळे कडा कापलेली प्रत लावलीत तर दोघांमधलं अंतरच जातं आणि गाणं निम्मं होतं.

‘मुघल-ए-आझम’मध्ये (१९६०) सलीम अनारकलीच्या चेहऱ्यावरून पीस फिरवतो तेव्हा दोघंही गप्प असतात. बोलते ती बडे गुलाम अली खाँसाहेबांची सोहनी. उत्तररात्रीचा, तार सप्तकात म्हणजे वरच्या पट्टीत रमणारा हा राग त्या शांततेतला सगळा ताण पेलतो. ‘आराधना’मधलं (१९६९) ‘रूप तेरा मस्ताना’ एकाच शॉटमध्ये घेतलंय. कट नसल्यामुळे आपल्यालाही नजर वळवता येत नाही. आणि ‘रजनीगंधा’त (१९७४) टॅक्सीत बसलेल्या नायिकेच्या, दीपाच्या मनातली घालमेल चक्क मुकेशच्या, पुरुषाच्या आवाजात ऐकू येते. तरी ते जराही खटकत नाही, हे मला फार मोठं वाटतं.

त्या काळातलं सगळंच टिकलंय असं मात्र नाही. नायिकेचा पाठलाग म्हणजेच प्रेम असं मानणारे चित्रपट आज बघवत नाहीत. तिथे अंतर जपलेलं नसतं, नायक ते रेटून मोडतो.

नव्याने बघणार असाल तर गाणी पुढे ढकलू नका, कथा तिथेच सरकते. टीव्हीवर चित्राचं मूळ प्रमाण ठेवा. चौकोनी चित्र ताणलं की चेहरे पसरट दिसतात. हालचाल गुळगुळीत करणारं सेटिंग बंद करा. ‘मुघल-ए-आझम’ची २००४ची पूर्ण रंगीत आवृत्ती आधी बघू नका. मूळ चित्रपट बराचसा कृष्णधवल आहे, म्हणून शीशमहालात ‘प्यार किया तो डरना क्या’ला अचानक रंग उमटतात तेव्हा अनारकलीचं धाडस डोळ्यांनाच कळतं.