उत्तर: ईआरच्या इंज्युरी चार्टमध्ये ‘रुल आउट’ला कोड लावू नका

‘तीन महिन्यांपूर्वी ईआर प्रोजेक्टवर आले, मेडिसिनचे चार्ट नीट जातात, पण इंज्युरीमुळे स्कोअर ९५ च्या खाली येतो आणि क्वालिटीवाले नुसतं गाइडलाइन वाचा म्हणतात’ हे तुमच्या पोस्टमधलं वाचलं आणि मला माझे ऐरोलीतले मेडिकल कोडिंगचे दिवस आठवले: ईआरचे, म्हणजे अमेरिकेतल्या हॉस्पिटलच्या इमर्जन्सी रूमचे चार्ट (डॉक्टरांच्या नोंदी) वाचायचे, निदानाला आयसीडी-१०-सीएम यादीतला कोड लावायचा, आणि किती बरोबर आले त्यावर स्कोअर. सात वर्षं झाली, पण तेव्हा रोज सकाळी एरर शीट उघडताना पोटात गोळा यायचा तो अजून विसरलेले नाही. म्हणून जरा सविस्तर लिहितेय.

आधीच सांगते, तुमच्या क्लायंटचा एसओपी (कामाची नियमावली) मी पाहिलेला नाही. त्यात काही वेगळं असेल तर तेच चालेल. कोडमधली रिकामी जागा भरणारा एक्स प्लेसहोल्डर, उजव्या-डाव्या बाजूचे कोड हे सगळं तुम्हाला येतच असणार, त्यात शिरत नाही. तुम्ही दिलेल्या तीन चुकांपैकी (पॉसिबल फ्रॅक्चर, टाके काढणं, आणि कंकशन म्हणजे मेंदूला बसलेला धक्का) पहिली, म्हणजे ‘पॉसिबल फ्रॅक्चर’ला फ्रॅक्चरचा कोड, हीच मला सगळ्यात महाग पडली होती.

माझं शिक्षण फिजिओथेरपीचं. कोडिंगमध्ये आधी दोन वर्षं इनपेशंट (दाखल झालेले पेशंट) केलं. तिथे डिस्चार्जच्या वेळी डॉक्टरांनी ‘प्रॉबेबल’ किंवा ‘सस्पेक्टेड’ लिहिलं असेल, तर तो आजार आहेच असं धरून कोड करतात. ती सवय हाडात मुरलेली. मग ईआरवर टाकलं. ईआर आउटपेशंटमध्ये (दाखल न होता उपचार) मोडतं आणि तिथे नियम बरोबर उलटा आहे: जे नक्की ठरलं तेवढंच कोड करायचं, नाहीतर लक्षणं. प्रोजेक्ट बदलताना हा फरक मला कोणी सांगितला नाही, आणि मीही विचारला नाही.

एक चार्ट अजून डोळ्यांसमोर आहे. विशीतला मुलगा, स्केटबोर्डवरून पडलेला, उजवा हात टेकलेला. तपासणीत स्नफबॉक्सला टेंडरनेस. एक्स-रेच्या रिपोर्टमध्ये फ्रॅक्चर नाही. प्लॅनमध्ये थंब स्पायका स्प्लिंट (अंगठा आणि मनगट स्थिर ठेवणारी पट्टी) आणि दहा दिवसांनी ऑर्थोकडे पुन्हा एक्स-रे. फायनल इम्प्रेशन: रिस्ट पेन, रुल आउट स्कॅफॉइड फ्रॅक्चर. म्हणजे मनगट दुखतंय, आणि स्कॅफॉइड ह्या मनगटातल्या छोट्या हाडाचं फ्रॅक्चर आहे की नाही ते अजून तपासायचंय. अंगठा ताणला की त्याच्या मुळाशी खळगा पडतो, तो स्नफबॉक्स. तिथे दाबल्यावर दुखलं की स्कॅफॉइडचा संशय घ्यायचा, आणि ते फ्रॅक्चर पहिल्या एक्स-रेत पुष्कळदा दिसत नाही, हे मी कॉलेजात शिकले होते. त्यामुळे मला खात्रीच वाटली. मी स्कॅफॉइड फ्रॅक्चरचा एस६२.००१ए लावला आणि पुढचा चार्ट उघडला.

हवा होता मनगटदुखीचा एम२५.५३१, आणि पडण्यासाठी व्ही००.१३१ए. डॉक्टरांनी ‘रिस्ट पेन’ऐवजी ‘रिस्ट इंज्युरी’ लिहिलं असतं तर एस६९.९१एक्सए. स्प्लिंट घातला म्हणजे फ्रॅक्चर आहे असं होत नाही. फिजिओ, बीएचएमएस, बीएएमएस करून कोडिंगमध्ये आलेल्यांनी इथे जास्त जपावं असं माझं स्पष्ट मत आहे. आपण चार्ट वाचता वाचता निदान करायला लागतो, आणि ते आपलं काम नाही.

असे साठेक चार्ट मी चार महिन्यांत पाठवले. त्यातले कितीतरी आमच्याच क्वालिटी टीमने सॅम्पलमध्ये तपासून पास केले होते. मग क्लायंटचं ऑडिट आलं आणि सगळं एकदम बाहेर पडलं. एरर शीटमध्ये प्रत्येक ओळीपुढे दोनच शब्द, ‘इनकरेक्ट डीएक्स’, म्हणजे निदान चूक. कुठला नियम मोडला ते नाही. मी रिबटल (लेखी हरकत) टाकलं, आधी पास झालेल्या चार्टची यादी जोडली, तर उत्तर आलं की क्लायंटचा निर्णय अंतिम आहे. इन्सेंटिव्ह गेला, प्रोजेक्टवरून काढून रीट्रेनिंगला बसवलं. त्याचं आता काही नाही, पण चूक पास करणारे स्वतः नामानिराळे राहिले ह्याचा राग अजून येतो. शेवटी नियम मला दुसऱ्या टीममधल्या एका सीनिअर ताईंनी कॅन्टीनमध्ये पाच मिनिटांत समजावला.

म्हणून तुम्हाला सांगते, ‘गाइडलाइन वाचा’ एवढ्यावर गप्प बसू नका. प्रत्येक एररसाठी सेक्शन लेखी मागा. ह्या चुकीसाठी तो आयसीडी-१०-सीएम गाइडलाइनचा सेक्शन ४, त्यातला एच आहे. त्याच सेक्शनमध्ये पुढे के आहे, तोही वाचा: कोडिंग करताना रेडिओलॉजिस्टचा फायनल रिपोर्ट हातात असेल आणि त्यात निदान पक्कं असेल, तर ते कोड करता येतं. रिपोर्ट फ्रॅक्चर म्हणतो आणि ईआरचे डॉक्टर स्प्रेन म्हणतात, अशा वेळी मात्र स्वतः निवाडा करू नका, क्वेरी टाका, म्हणजे डॉक्टरांना लेखी विचारा. टार्गेट पाच चार्टने मागे पडलं तरी चालेल.

आणि हा फक्त स्कोअरचा प्रश्न नाही. तिकडे अमेरिकेत त्या मुलाच्या नावावर न झालेलं फ्रॅक्चर चढलं. पुढे कधी मनगट दुखलं तर डॉक्टर जुना रेकॉर्ड उघडणार आणि त्यात ते दिसणार. आपल्याला पेशंट कधी दिसत नाही, म्हणून हे विसरायला होतं.

बाकी दोन चुकांचं थोडक्यात. जखमेचे टाके काढायला आलेल्या पेशंटला टाके काढण्याचा झेड४८.०२ नाही, मूळ जखमेचाच कोड, शेवटी डी (बरं होत असतानाची पुढची भेट). ए म्हणजे ‘पहिली भेट’ नव्हे, ए म्हणजे सक्रिय उपचार चालू आहेत. त्यामुळे ईआरनंतर दुसऱ्या दिवशी ऑर्थोने फ्रॅक्चर बसवलं तर त्यांच्याकडेही ‘ए’ हेच अक्षर राहतं. डोक्याला मार आणि उलटी एवढ्यावरून कंकशन लावू नका. डॉक्टरांनी तो शब्द लिहिलेला नसेल तर डोक्याच्या इजेचा एस०९.९०एक्सए आणि सोबत उलटीच्या लक्षणाचा कोड.

जाता जाता, फ्रॅक्चर डिस्प्लेस्ड (हाड जागेवरून सरकलेलं) की नाही ते लिहिलेलं नसेल तर डिस्प्लेस्ड धरतात, ओपन (कातडी फाटलेली) की क्लोज्ड ते नसेल तर क्लोज्ड. मी हे चिठ्ठीवर लिहून मॉनिटरच्या कडेला चिकटवलं होतं. गाइडलाइन दर १ ऑक्टोबरला नवी येते, तेव्हा कंपनीने वाटलेली जुनी पीडीएफ वापरू नका. सीडीसी ह्या अमेरिकन सरकारी आरोग्य संस्थेच्या साइटवर नवी फुकट मिळते.

अजून अडलेले चार्ट असतील तर फक्त फायनल इम्प्रेशनची ओळ आणि एक्स-रेचा निष्कर्ष इथे टाका, मी बघते. आणि तुमच्या पोस्टमधल्या दुसऱ्या उदाहरणात पेशंटचं वय, गाव आणि भेटीची तारीख तशीच राहिली आहे, ती आत्ताच काढून टाका.