गमकेविषयी वाचकांचे काही प्रश्न

याआधी तानांच्या, म्हणजे गाण्यातल्या जलद स्वरमालांच्या, प्रकारांविषयी लिहिताना 'गमक' (स्वर हलवून म्हणण्याची रीत) हा शब्द मी फारसा उलगडून न सांगता वापरला होता. त्यावर दादरपासून बोरिवलीपर्यंतच्या वाचकांनी बरेच काही विचारले आहे. त्यांतले मोजके प्रश्न येथे घेतो. एकाच आशयाची पत्रे एकत्र केली आहेत.

प्रश्न : 'यशाचे गमक' असे आपण म्हणतो आणि 'गमकेची तान' असेही म्हणतो. हा शब्द एकच आहे की दोन? आणि तो नपुंसकलिंगी धरावा की स्त्रीलिंगी? (एक निवृत्त शिक्षिका, विलेपार्ले)

शब्द एकच आहे. दोन्हींचे मूळ 'गम्' म्हणजे जाणे या धातूत आहे, आणि संस्कृतात गतिवाचक धातूंना 'जाणणे' हाही अर्थ असतो हे आपण शिकवलेच असेल. ज्यावरून एखादी गोष्ट कळते ती खूण म्हणजे गमक. हल्ली 'यशाचे गमक' हे 'यशाचे रहस्य' या अर्थाने सर्रास लिहिले जाते, पण रहस्य म्हणजे दडलेली गोष्ट आणि गमक म्हणजे दाखवून देणारी खूण, तेव्हा ते जवळजवळ उलटेच झाले.

संगीतातला अर्थ 'जाणे' या मूळ अर्थाला अधिक धरून आहे. पार्श्वदेवाने 'संगीतसमयसार' या ग्रंथात गमकाची जी व्याख्या केली आहे तिचा आशय असा, की आपल्या श्रुतिस्थानापासून (श्रुती म्हणजे स्वरांमधले सूक्ष्म अंतर) निघालेली छाया जो स्वर दुसऱ्या श्रुतीपर्यंत नेतो तो गमक. स्वर आपली जागा न सोडता शेजाऱ्याच्या उंबऱ्यापर्यंत जाऊन येतो, असे मी विद्यार्थ्यांना सांगतो.

लिंगाचे म्हणाल तर संस्कृतात हा शब्द पुल्लिंगी आहे, खूण या अर्थाने मराठीत तो नपुंसकलिंगी झाला, आणि गवयांच्या बोलण्यात तो स्त्रीलिंगी आहे. 'गमक घेतली', 'गमकेची तान' असेच बैठकीत ऐकू येते, आणि आजच्या गायनप्रकाराविषयी लिहिताना मीही तेच रूप वापरतो.

प्रश्न : माझी मुलगी हिंदुस्थानी गायन शिकते. तिची तमिळ मैत्रीण कर्नाटक संगीत शिकते आणि म्हणते, की गमकाशिवाय स्वर गायचाच नसतो. उलट मुलीच्या गुरुजींनी सांगितले आहे, की गमक आणखी दोन वर्षांनी पाहू. यांत बरोबर कोण? (माटुंगा)

दोघेही बरोबर आहेत, कारण दोघे एका शब्दाने दोन निराळ्या वस्तू सांगत आहेत. हा घोळ आजचा नाही, आणि तो समजून घ्यायचा तर तेराव्या शतकातल्या देवगिरीपर्यंत, म्हणजे आजच्या दौलताबादपर्यंत, मागे जावे लागते. तेथे सिंघण यादवाच्या पदरी असलेल्या शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' लिहिला. त्याचे घराणे मूळचे काश्मीरचे. दोन्ही पद्धतींचे पंडित ज्याला प्रमाण मानतात तो ग्रंथ आपल्या भूमीत लिहिला गेला, हे आपल्याकडे गाणे शिकणाऱ्या किती मुलांना ठाऊक असते, कोण जाणे.

शार्ङ्गदेव म्हणतो, 'स्वरस्य कम्पो गमकः श्रोतृचित्तसुखावहः', म्हणजे ऐकणाऱ्याच्या चित्ताला सुख देणारा स्वराचा कंप तो गमक. या व्याख्येत तो पंधरा प्रकार बसवतो. तिरिप, स्फुरित, कंपित, लीन, आंदोलित ही नावे कंपाच्या वेगावरून लावली आहेत, तिरिप सर्वांत जलद आणि आंदोलित पुष्कळच संथ. वली, कुरुळ, नामित, मुद्रित ही नावे मात्र स्वर कसा वळतो, वाकतो किंवा तोंड मिटून कसा काढला जातो यावरून आली आहेत. थोडक्यात, आज आपण ज्यांना आंदोलन, मींड (एका स्वरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जाणे), मुरकी, खटका अशी वेगवेगळी नावे देतो, त्यांतले बहुतेक त्या काळी 'गमक' या एकाच छत्राखाली होते.

दक्षिणेने ते छत्र तसेच ठेवले. सुब्बराम दीक्षितरांनी 1904 साली एट्टयपुरम येथून प्रसिद्ध केलेल्या 'संगीत संप्रदाय प्रदर्शिनी' या तेलुगू ग्रंथात वेगवेगळ्या गमकांसाठी वेगवेगळी चिन्हे योजून रचना लिहिल्या आहेत. तेथे गमक ही वरून लावलेली वेलबुट्टी नसते, तर राग ओळखण्याचे साधनच असते. कर्नाटक तोडी रागाचा (त्याचे स्वर आपल्या भैरवीचे, आपल्या तोडीचे नव्हेत) गांधार स्थिर ठेवून गायला, तर तेथील श्रोत्याला तो तोडी वाटणारच नाही. त्या अर्थाने मुलीची मैत्रीण म्हणते ते अक्षरशः खरे आहे.

उत्तरेत मात्र छत्राखालचे एकेक जण आपले नाव घेऊन वेगळे झाले, आणि 'गमक' हा शब्द एका विशिष्ट प्रकाराकडे उरला. छातीचा आणि पोटाचा जोर लावून, लगतच्या स्वराचा धक्का देत, स्वर भारदस्तपणे हलवणे म्हणजे आजची आपली गमक. शार्ङ्गदेवाच्या यादीतला हुंकारगर्भ असा जो 'हुंफित', तो तिचा सर्वांत जवळचा पूर्वज असावा असे मला वाटते. अशी गमक घ्यायला आवाज स्थिर झालेला लागतो, म्हणून गुरुजींची दोन वर्षेही योग्यच आहेत.

मुंबईकरांसाठी आणखी एक गोष्ट. दोन पद्धती अगदीच दोन बेटे नव्हेत याचा दाखला आपल्याच शहरात आहे. भेंडीबाजार घराण्याचे अमान अली खाँ यांच्या सरगमीवर कर्नाटक पद्धतीचा प्रभाव होता, आणि हंसध्वनी हा दक्षिणेचा राग ते आवडीने गात. मुलीला मैत्रिणीचे गाणे अवश्य ऐकू द्या. फक्त तो कंप लगेच आपल्या यमन रागात आणू नको, एवढे बजावून ठेवा.

प्रश्न : दरबारी रागाचा गांधार हलतो, त्याला काही जण आंदोलन म्हणतात आणि काही जण गमक. नेमके काय म्हणावे? गमक प्रत्यक्षात काढायची कशी? (गिरगाव आणि ठाणे येथील दोन विद्यार्थी)

दरबारीतील कोमल गांधाराला आंदोलन म्हणावे. भैरवातील कोमल ऋषभ आणि कोमल धैवतालाही तेच नाव लागू आहे. आंदोलनात स्वर झोपाळ्यासारखा संथपणे झुलतो. झोका जातो तेथे दुसरा स्वर स्पष्ट ऐकू येत नाही, त्याची केवळ चाहूल लागते, आणि त्यात जोर लावायचा नसतो. गमकेत याउलट वेग असतो, वजन असते आणि प्रत्येक हिसक्याला लगतच्या स्वराचा ठाम स्पर्श असतो. म्हणूनच दरबारीच्या आलापात गांधार आंदोलित राहतो आणि त्याच दरबारीच्या तानेत तोच गांधार गमकेने येतो, आणि दोन्ही ठिकाणी तो शोभतो. नावांचा गोंधळ बहुधा यातूनच झाला असावा.

काढायची कशी, हे कागदावर सांगणे पोहणे पत्राने शिकवण्यासारखे आहे, तरी प्रयत्न करतो. 'सा रे ग' ही सरळ तान गमकेने घ्यायची झाली, तर प्रत्येक स्वर दोनदा येतो, 'सासा रेरे गग' असा, आणि प्रत्येक वेळी त्यावर लगतच्या, बहुधा खालच्या, स्वरावरून उसळून यायचे असते. आकारातच, म्हणजे 'आ' या उच्चारातच, राहायचे. स्वर पुन्हा उच्चारताना 'हा हा' असा हकार ऐकू आला तर गमक बिघडली. धक्का पोटातून आला पाहिजे, गळा मोकळा राहिला पाहिजे आणि जबडा हलता कामा नये. जबडा हलवून जी तान निघते तिला जबड्याची तान म्हणतात. लांबून ती गमकेसारखी भासते, पण तिच्यात स्वर गोल राहत नाहीत. काही थोर गवयांनी ती जाणूनबुजून घेतली आहे. ते त्यांना शोभले, शिकणाऱ्याने त्या वाटेला जाऊ नये.

रियाज एका स्वरापासून करावा. तानपुऱ्यावर मंद्र (खालच्या सप्तकातल्या) निषादावरून षड्जाला स्पर्श करीत प्रथम मात्रेला एक धक्का, मग दोन, मग चार, असे वाढवत न्यावे, आणि चार नीट पडेपर्यंत आठचा विचार करू नये. मी शिकत होतो तेव्हा आम्ही चाळीत राहत होतो, आणि माझ्या या पहाटेच्या उद्योगामुळे शेजारच्या आजींनी आईला हळूच विचारले होते, की मुलाला दम्याचा त्रास कधीपासून आहे. त्या दिवशी गुरूंना हे सांगितले, तेव्हा ते हसले नाहीत. "त्यांना श्वास ऐकू येतो आहे, म्हणजे तुझा स्वर अजून पुढे आलेला नाही," एवढेच म्हणाले. आजींचे निदान चुकले होते, पण कान बरोबर होता.

गमकेचे खरे घर धृपद. 'नोम तोम' अशा अक्षरांनी गायल्या जाणाऱ्या आलापात लय चढत जाते तशी ती येते, आणि धृपदाशी नाते जपणाऱ्या आग्रा घराण्याच्या ख्यालात ती त्यामुळेच ठळक असते. किराणा घराण्याचा ओढा लांब स्वराकडे आणि मींडेकडे, म्हणून तेथे तिला मानाची पहिली जागा नाही. ठुमरीत तिचे काम फारसे पडत नाही.

प्रश्न : मुरकी, खटका, हरकत आणि कण यांत फरक काय? बंदिशींच्या पुस्तकात स्वर कंसात का लिहितात? (घाटकोपर)

मराठी माणसाला हे शब्द आधीच अर्धे समजलेले असतात. खटका म्हटले की चाप ओढल्याचा आवाज आठवतो, आणि स्वरांचा छोटा गुच्छ तसाच झटक्याने येतो तो खटका. मुरका मारणे म्हणजे नखऱ्याने वळणे, आणि मुरकीत तेवढेच स्वर जोर न लावता, हलक्या हाताने, वळण घेत येतात. ठुमरी, नाट्यपद आणि भावगीत यांत तिचाच वावर अधिक. कण म्हणजे मुख्य स्वराला जाता जाता झालेला दुसऱ्या स्वराचा ओझरता स्पर्श. हरकत हा सैल शब्द आहे. अरबीत त्याचा अर्थ हालचाल, आणि गाण्यात ऐन वेळी सुचलेल्या कोणत्याही लहानशा चमत्कृतीला तो लावतात. 'हरकत घेणे' याचा कचेरीतला अर्थ अगदीच वेगळा असल्यामुळे, गायकाने सुरेख हरकत घेतली असे लिहिले की सभा उधळली की काय, अशी शंका येते, पण भाषेची ही गंमत मला आवडते.

कंसाचे चिन्ह पंडित भातखंडे यांच्या स्वरलिपीतले. वाळकेश्वर येथे 1860 साली जन्मलेल्या या मुंबईकराने 'क्रमिक पुस्तक मालिके'च्या सहा भागांत शेकडो चिजा लिहून ठेवल्या आणि त्यांसाठी मोजकी खुणांची भाषा ठरवली. (प) असे लिहिले की 'धपमप' म्हणावे, म्हणजे पुढचा स्वर, तो स्वर, मागचा स्वर आणि पुन्हा तो स्वर. कण मुख्य स्वराच्या वर बारीक अक्षरात लिहितात आणि मींड स्वरांवरच्या कमानीने दाखवतात. गमकेसाठी काही पुस्तकांत नागमोडी रेघ दिसते. रेघ पाहून गमक येत नाही, ही तक्रार रास्त आहे, पण स्वरलिपी आठवण देण्यासाठी असते, शिकवण्यासाठी नव्हे.

प्रश्न : पेटीवर गमक वाजते का? (लालबाग)

काटेकोरपणे पाहिले तर नाही. पेटीच्या प्रत्येक पट्टीखालची स्वरपत्ती ठरलेला एकच स्वर देते, दोन स्वरांच्या मधली जागा तिच्यात नाही. सतारीवर पडद्यावरची तार आडवी खेचून, सरोदवर नखाने घसरत जाऊन ती जागा मिळते. मींड आणि श्रुती देता येत नाहीत हा आक्षेप पेटीवर पूर्वीपासून होताच, आणि ऑल इंडिया रेडिओने 1940 साली तिला जी बंदी घातली ती 1971 सालापर्यंत टिकली. तरीही तयार वादक लगतच्या दोन पट्ट्या अतिशय जलद दाबून आणि भात्याचा दाब कमी-अधिक करून गमकेचा आभास इतका हुबेहूब उभा करतात, की गायकाच्या गमकेखाली तो सहज मिसळून जातो. मींडेचा आभास करणे त्याहून कितीतरी अवघड आहे.

तबल्याच्या साथीत डग्ग्यावर मनगटाचा दाब देऊन जो घुमता, चढता-उतरता नाद काढतात, त्यालाही काही वादक गमक म्हणतात. तेथे नेमका स्वर धरायचा नसतो, एवढा फरक लक्षात ठेवावा.

प्रश्न : पाश्चात्त्य गायनातील व्हायब्रेटो म्हणजेच गमक का? (वांद्रे)

नाही. व्हायब्रेटो हा स्वराच्या भोवती सेकंदाला साधारण पाच ते सात वेळा होणारा एकसारखा कंप असून तो आवाजाच्या घडणीचाच भाग असतो, आणि ऐकणाऱ्याला दुसरा स्वर जाणवू नये अशी त्यात अपेक्षा असते. गमकेत तो दुसरा स्वर जाणवलाच पाहिजे, आणि तिचा वेग लयीशी बांधलेला असतो.

प्रश्न : माझा मुलगा चौदा वर्षांचा आहे. त्याचा आवाज फुटतो आहे, पण स्पर्धेसाठी त्याला गमकेच्या ताना बसवून देण्यात आल्या आहेत. चालेल का? (बोरिवली)

माझ्या मते चालू नये. आवाज फुटण्याच्या काळात स्वराचा ठाव मुलाच्या स्वतःच्याच हाती नसतो, आणि अशा वेळी गमकेचा जोर हटकून गळ्यावर येतो. हे दिवस मंद्र सप्तकात, सोसेल त्या पट्टीत, लांब स्वर लावण्यात आणि भरपूर ऐकण्यात घालवावेत. बसवलेल्या ताना सरळ, सपाट घेऊ द्याव्यात. त्या सुरेल आल्या तर जाणकार परीक्षक गमक नसल्याबद्दल गुण कापणार नाही. गाऊन झाल्यावर घसा बसत असेल किंवा दुखत असेल, तर रियाज थांबवून कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवावे. पट्टी स्थिरावली, की गुरूंच्या समोर बसून एका षड्जापासून सुरुवात करावी. त्याला एक वर्ष लागेल की दोन, हे आज कोणी सांगू नये, आणि तोवर येणाऱ्या स्पर्धांत त्याने तराणा गायला तरी उत्तम.